पाइकच्या मनोऱ्यात एलसीडी बसवायला नको होते

पिवळीपाटी
नाम जून पाइक हा कोरियन कलावंत मुळात संगीताचा. रंगमंचावरचे प्रयोग, फिल्म आणि मोडकळीला आलेले टीव्ही यांतून त्याने व्हिडिओ कला उभी केली. सोलजवळ ग्वाचॉनच्या राष्ट्रीय कलासंग्रहालयात त्याचा १९८८ सालचा टीव्हींचा मनोरा आहे. साडेअठरा मीटर उंच, संच १००३, कारण ३ ऑक्टोबर (१०-०३) हा कोरियाचा स्थापना दिन. संच जुने होऊन धोका वाढला, म्हणून २०१८ मध्ये तो बंद केला आणि २०२२ मध्ये पुन्हा सुरू झाला. ७३७ संच जुन्या पिक्चर ट्यूबचेच, दुरुस्त केलेले किंवा सेकंडहँड मिळवलेले. वरच्या २६६ छोट्या संचांत मात्र एलसीडी, म्हणजे आजचे सपाट पडदे, बसवले, बाहेरचा आकार तसाच ठेवून.

मला हे पटत नाही. पाइकने टीव्हीकडे चित्र दाखवणारा खोका म्हणून कधी पाहिलंच नाही. १९६३ साली जर्मनीतल्या वुपरटालला त्याने जुने संच मांडले ते आतली जोडणी बिघडवून. १९६५ च्या ‘मॅग्नेट टीव्ही’त संचाच्या डोक्यावर नालाच्या आकाराचं जड चुंबक ठेवलंय. ते सरकवलं की पडद्यावरच्या रेषा वळतात, पाकळ्यांसारख्या उमलतात. हे ट्यूबमुळेच घडतं. ट्यूब काढून घेतल्यावर उरतं ते पाइकचं काम नव्हे.

तानपुरा७२
अजिबात सहमत नाही. ‘मॅग्नेट टीव्ही’चं उदाहरण इथे लागूच होत नाही. मनोऱ्यातल्या संचांवर कुणी चुंबक ठेवत नाही, तिथे रेकॉर्ड केलेली दृश्यं फिरतात. आणि पाइक हयात असतानाच, २००३ मध्ये, मनोऱ्यातले संच बदलले होते. मूळ काच तेव्हाच गेली. मग आता कसली शुद्धता राखायची?

त्याच्या ‘टीव्ही चेलो’चं बघा. १९७१ मध्ये चेलो (व्हायोलिनच्या जातीचं मोठं वाद्य) वाजवणाऱ्या शार्लट मूरमनसाठी पारदर्शक पेट्यांत तीन संच बसवून ते वाद्य केलं. ती गज ओढायची, स्वर उमटायचे, पडद्यांवर तिचीही छबी असायची. १९९१ मध्ये ती गेली आणि त्या कामाचा जीवच गेला. ट्यूब शाबूत असून काय उपयोग? मनोरा निदान चालू तरी आहे. चार वर्षं तो काळाठिक्कर उभा होता, तेव्हा त्यात कोणती कला उरली होती?

ईएचटी
मी टीव्ही दुरुस्तीच्या धंद्यात होतो, म्हणून लिहितो. ट्यूबमध्ये मागच्या गनमधून इलेक्ट्रॉनचा झोत निघतो, ट्यूबच्या मानेवरचं योक, म्हणजे तारेची गुंडाळी, त्याला डावी-उजवीकडे, वर-खाली फिरवतं. चुंबक त्याच झोताला वळवतं. एलसीडीत झोतच नाही, त्यामुळे ‘मॅग्नेट टीव्ही’ला ट्यूबशिवाय इलाज नाही. त्याबाबत पिवळीपाटींचं बरोबर.

पण मनोऱ्याचं गणित निराळं. ट्यूब वापराने मरते. गन कमजोर होते, चित्र मंद आणि मळकट दिसू लागतं. कपॅसिटर बदलता येतो, फ्लायबॅक (ट्यूबला उच्च दाबाची वीज देणारा ट्रान्सफॉर्मर) शोधून आणता येतो, पण ट्यूबच गेली तर पर्याय नाही, कारण कारखानेच बंद झाले. छोट्या मापाच्या ट्यूब तर आणखी दुर्मिळ. शेकडो संच बंद खोक्यांत तापत ठेवणं हे आगीला आमंत्रण. जिथे ट्यूब मिळाली तिथे ट्यूब, नाही तिथे एलसीडी. मीही हेच केलं असतं.

पिवळीपाटी
@ईएचटी, आगीचा मुद्दा मान्य. @तानपुरा७२, २००३ मध्ये ट्यूबच्या जागी ट्यूबच आल्या होत्या. साधन तेच राहिलं, नग बदलले. २०२२ चा बदल वेगळ्या जातीचा आहे.

‘वरचे संच लांबून कोणाला कळणार’ असंही ऐकलंय. त्या मनोऱ्याभोवती गोल फिरत वर जाणारा रॅम्प आहे, माणूस वरच्या संचांच्या जवळ पोचतो. फुगीर काचेतून आलेला उजेड आणि सपाट पॅनेलचा उजेड तिथे वेगळा कळतो.

माझं म्हणणं एवढंच, की ट्यूब मिळाली नाही तर ती जागा काळी राहू द्या. मेलेले संच मेलेले दिसू द्या.

तानपुरा७२
२६६ काळे चौकोन वर ठेवायचे? तो मनोरा तुम्ही केलेला होईल, पाइकचा नाही. त्याने १००३ पेटते पडदे मांडले होते.

रिळवाली
दोघंही पाइकच्या ‘झेन फॉर फिल्म’ला विसरताय. साठच्या दशकातलं काम, प्रोजेक्टरवर चालणारी कोरी पारदर्शक फिल्म. प्रत्येक खेळाला तिच्यावर धूळ बसते, ओरखडे पडतात आणि पडद्यावर तेच दिसतं. झिजणं हेच त्यातलं चित्र. म्हणून मी पिवळीपाटींच्या बाजूने. संग्रहालयाने निदान मनोऱ्यापाशी पाटी लावावी, कोणते संच ट्यूबचे आणि कोणते एलसीडीचे, म्हणजे रॅम्पवरून जाणारा स्वतः ताडून पाहील.