नव्वद दिवसांत दोषारोपपत्र नाही, तर निलंबन संपलंच पाहिजे का?
(चर्चा; प्रत्येक मजकुराच्या वर लिहिणाऱ्याचं टोपणनाव आहे.)

बांधावरचा
जिल्हा परिषदेचा ग्रामसेवक निलंबित होतो, पेपरात बातमी झळकते आणि मग दोषारोपपत्राचा, म्हणजे खात्यानं लेखी द्यायच्या आरोपांचा, महिनोन्‌महिने पत्ता नसतो. सर्वोच्च न्यायालयानं २०१५ मध्ये अजयकुमार चौधरी खटल्यात सांगितलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही, तर निलंबन पुढे ओढता येणार नाही. दिलं असेल, तर मुदतवाढीची कारणं लिहा. राज्यानंही ९ जुलै २०१९ ला तसा शासन निर्णय काढला. तरी माणसाला हायकोर्टाची पायरी चढावी लागते. अशा याचिकांना काही जण ‘पळवाट’ म्हणतात, ते मला पटत नाही.

तुकडेबंदी
मला पटतं. लाचेच्या सापळ्यात नोटांना लावलेली पावडर बोटांना लागली, सोड्याच्या पाण्यात बोटं बुडवली आणि पाणी गुलाबी झालं. आता नव्वद दिवस भरले म्हणून साहेब परत हजर! तक्रारदारानं घराचा नमुना आठचा उतारा त्याच्याचकडे मागायचा?

बांधावरचा
त्याच खुर्चीत बसवा असं कुणी म्हटलंय? त्याच निकालात दुसरीकडे बदली करायची मुभा आहे. नाही तरी निलंबन ही शिक्षा नव्हे, हे कोर्ट कधीपासून सांगतंय.

जावक क्रमांक
आस्थापनेत, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या फाइली सांभाळणाऱ्या शाखेत, काम करते म्हणून लिहिते. दोषारोपपत्र म्हणजे एक कागद नसतो. जोडपत्र एक ते चार: आरोप, त्यांचं विवरण, कागदपत्रांची यादी, साक्षीदारांची यादी. त्याचं प्रारूप (कच्चा मसुदा) पंचायत समितीकडून यायचं आणि कॅशबुक, पावतीपुस्तकं पोलिसांनी जप्त केलेली. प्रतींसाठी स्मरणपत्र एक, दोन, तीन. तोवर नव्वद दिवस उलटतात आणि कोर्टात शपथपत्र करायला आम्हीच धावतो. तारखा नीट नसलेली फाइल घेऊन सरकारी वकिलासमोर बसून बघा एकदा.

तुकडेबंदी
म्हणजे दिरंगाई कार्यालयाची, फायदा लाचखोराचा. आणि तोवर निलंबनाच्या काळातला निर्वाह भत्ता आहेच! आधी अर्ध्या पगाराच्या आसपास, तीन महिन्यांनी वाढवूनही मिळतो.

कोर्टकचेरी
वाढ तेव्हाच, जेव्हा उशीर त्याच्यामुळे झालेला नसतो. शिवाय दुसरीकडे कुठे नोकरी-धंदा करत नाही असं प्रमाणपत्र द्यावं लागतं आणि परवानगीशिवाय मुख्यालय सोडता येत नाही. आपल्याच राज्यात एक नियम होता: निलंबिताला फौजदारी कोर्टात शिक्षा झाली आणि अपील चालू असलं, तर भत्ता महिना १ रुपया! चंद्रभान ताले खटल्यात १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो रद्द केला. कुणी दाद मागितली म्हणूनच ना?
आणखी एक. तलाठी राज्य सरकारचा, त्याला मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) आहे. ग्रामसेवक जिल्हा परिषदेचा, त्याला मॅटचं दार बंद. विभागीय आयुक्तांकडे अपील, नाही तर थेट हायकोर्ट.

तुकडेबंदी
तेच तर! वकिलाची फी परवडते तो तीन महिन्यांत परततो. शिपाई निलंबित झाला, तर त्याची याचिका कोण करतं?

जावक क्रमांक
कुणी नाही. आमच्याकडे तो दर महिन्याला भत्त्याचं विचारायला येतो, तेवढंच.