मदत हवी आहे: कोळशाच्या ग्रिलवर कोंबडी बाहेरून करपते, आतून कच्ची

सांगलीत विश्रामबागला राहतो. गच्चीवर झाकणाचा, १८ इंची कोळशाचा ग्रिल आहे. तंगड्या लावल्या की चरबी निखाऱ्यांवर गळून भडका उडतो. कातडी काळी, हाडाजवळ मात्र थर्मामीटर ६० अंशांपुढे सरकत नाही. आत ७४ अंश सेल्सियस तरी हवेत, म्हणून शेवटी सगळं कढईत जातं. (पाहुण्यांना तेच ‘तंदुरी’ म्हणून वाढलं, कुणी काही बोललं नाही.)

तेल कमी केलं, जाळी वर घेतली, कोळशावर राख धरेपर्यंत थांबून पाहिलं. गेल्या रविवारी निखारे एका बाजूला सारले, तंगड्या दुसऱ्या बाजूला, वर झाकण. भडका थांबला, पण वीस मिनिटांत निखारेच विझत आले. कोळसा बाभळीचा, सुटा, कोरडा. खालची भोकं उघडी होती, झाकणावरचं बंद.

गॅसचा ग्रिल सुचवू नका, सोसायटीत गच्चीवर सिलिंडर चालत नाही. शेडला तीन बाजूंनी ताडपत्री आहे, कार्बन मोनॉक्साइडच्या भीतीने तिथे पेटवत नाही.

तर झाकणावरचं भोक कितपत उघडं ठेवायचं? आणि पाऊण तास आच टिकवायला मध्येच कोळसा घालायचा तर बाहेर पेटवून, की कच्चाच?