पगार झाल्यावर परत ठेवणार असलो, तरी ती चोरीच का?

उंबरठा:
एका संस्थेत रोकड सांभाळतो. मागच्या वर्षी कर्जाचे दोन हप्ते थकले, त्यातच वडिलांचं ऑपरेशन. रोज संध्याकाळी नोटा मोजताना डोक्यात एकच: यातल्या थोड्या उचलल्या आणि पगार झाल्यावर ठेवल्या, तर कुणाला कळणार? उचलल्या नाहीत. पण त्यात प्रामाणिकपणा किती आणि भीती किती, हे आजही सांगता येत नाही. ज्याच्यावर वेळ आली नाही त्याने नीतीच्या गप्पा मारू नयेत, असं माझं मत झालंय.

काटेतोल:
अजिबात पटलं नाही. उसने घ्यायचे तर विचारून घेतात. विचारायची हिंमत होत नाही, तिथेच उत्तर आलं. डोनाल्ड क्रेसी या अमेरिकी समाजशास्त्रज्ञाने तुरुंगातल्या अफरातफर करणाऱ्यांशी बोलून १९५३ मध्ये हेच मांडलं. त्यांच्यातलेही कित्येक जण 'आम्ही उसनेच घेतले होते' म्हणायचे.

वाटसरू:
क्रेसी अर्धाच सांगितलात. त्याचा खरा मुद्दा असा, की अडचण नुसती पैशाची नसते, ती कुणापुढे बोलता येत नाही. त्यात संधी मिळते, आणि मनाची समजूत घालायला 'उसने' हा शब्द असतोच.

काटेतोल:
म्हणजे घरच्यांपुढे हात पसरायची लाज वाटते, पण दुसऱ्याच्या गल्ल्यात हात घालायची वाटत नाही? धन्य आहे.

साधीसुधी:
माणसं इतकी वाईट नसतात हो. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात ४० देशांत १७ हजारांवर 'हरवलेली' पाकिटं बँका, हॉटेलं, पोस्टातल्या काउंटरवर दिली होती. बिनपैशांच्या पाकिटांपैकी सुमारे ४० टक्के पाकिटांसाठी मालकाशी संपर्क केला गेला, पैसे असलेल्यांसाठी ५१ टक्के!

वाटसरू:
काउंटरवरच्या त्या माणसाच्या दारात त्या दिवशी वसुलीवाला बसला होता का, हे कुठे तपासलं होतं? (आणि ५१ म्हणजे उरलेले ४९ गप्पच.)

उंबरठा:
बोलता न येण्याचं खरं आहे. शेवटी धीर करून साहेबांना सगळं सांगितलं, मनात काय येतं तेसुद्धा. उचल मिळाली. पण दुसऱ्याच दिवसापासून रोकड मोजताना माझ्या शेजारी आणखी एकाला बसवलं. चार महिने. काटेतोल, आता बोला.

काटेतोल:
तुमचं चुकलं नाही. साहेबांचंही नाही. मीही बसवला असता.

वाटसरू:
झालं! म्हणजे पुढचा माणूस तोंडच उघडणार नाही.