एकोणिसाव्या शतकातला क्रिकेटचा पंच: सामना चालू असताना त्याला बदलता यायचं का?

मागचा_पाय: २६ ऑगस्ट १८६२, लंडनचं ओव्हल मैदान. सरेविरुद्ध इंग्लंडकडून खेळणाऱ्या एडगर विल्शरचा हात खांद्याच्या वर जातो म्हणून पंच जॉन लिलीव्हाइटने ओळीने सहा नोबॉल दिले. विल्शर आणि आणखी आठ व्यावसायिक खेळाडू मैदान सोडून गेले, उरले फक्त दोन हौशी. दुसऱ्या दिवशी लिलीव्हाइटच्या जागी दुसराच पंच. हे नियमात बसत होतं का? आणि तेव्हा पंचाला चेंडूगणिक नेमकं काय काय बघावं लागायचं?

बावीस_यार्ड: दोन्ही बाजूंची संमती असेल तर बदलता यायचं, नसेल तर नाही. याची उलट बाजू सिडनीत दिसते. ८ फेब्रुवारी १८७९ ला पंच जॉर्ज कोल्टहार्डने न्यू साउथ वेल्सच्या बिली मर्डॉकला धावबाद दिलं आणि प्रेक्षक मैदानात घुसले. न्यू साउथ वेल्सचा कर्णधार डेव्ह ग्रेगरी पंच बदला म्हणत होता, पाहुण्या इंग्लिश संघाचा कर्णधार लॉर्ड हॅरिसने ठाम नकार दिला. म्हणून कोल्टहार्ड राहिला. (दुसऱ्या टोकाचा पंच एडमंड बार्टन होता, पुढे ऑस्ट्रेलियाचा पहिला पंतप्रधान.) ओव्हलवर लिलीव्हाइट आपल्या मतावरून हटायला तयार नव्हता आणि त्याला बदलल्याशिवाय खेळ पुढे सरकणार नव्हता. माझ्या मते लिलीव्हाइटचा नोबॉल नियमाने बरोबर होता. हात खांद्याच्या वर न्यायची मुभा १० जून १८६४ ला मिळाली, म्हणजे जवळजवळ दोन वर्षांनी.

पायचीत_नाही: आता कामाचं. ओव्हर चार चेंडूंची, इंग्लंडमध्ये १८८९ पासून पाच, १९०० पासून सहा. नोबॉल मागच्या पायावरून ठरायचा, म्हणजे आधी नजर खाली बोलिंग क्रीजवर (यष्ट्यांच्या ओळीतल्या रेषेवर). बराच काळ ही क्रीज चुन्याची नसून हिरवळीत कोरलेली बारीक चर असायची. कडा ढासळल्या की पाय आत होता की चरीवर, हे सांगणं अवघड. पाय बघून लगेच हाताची उंची, आणि तेवढ्यात चेंडू पलीकडे पोचलेला.

पायचीतसाठी १८३९ पासून चेंडूचा टप्पा यष्टी ते यष्टी या सरळ पट्ट्यातच पडायला हवा असायचा. तिन्ही यष्टींची मिळून रुंदी तेव्हा आठ इंच. म्हणजे बावीस यार्ड लांब, आठ इंच रुंद पट्टी, तीही न आखलेली! पंच अर्धा फूट जरी बाजूला उभा राहिला तरी टप्पा चुकीच्या जागी दिसणार. ऑफच्या बाहेर टप्पा पडून कितीही आत वळला तरी फलंदाज नाबाद. पॅडने चेंडू अडवायची सवय त्यातूनच बोकाळली.

बावीस_यार्ड: फेकीबद्दल, म्हणजे वाकलेलं कोपर सरळ करत चेंडू फेकण्याबद्दल, राहिलंच. १८९९ पर्यंत फेकीचा नोबॉल गोलंदाजाच्या टोकाचा पंचच देऊ शकायचा. मागून बघताना वाकलेलं कोपर पाठीआड जातं, स्क्वेअर लेगवरून, म्हणजे फलंदाजाच्या बाजूने, ते स्वच्छ दिसतं. पण स्क्वेअर लेगच्या पंचाला तोंड उघडायची मुभा नव्हती. १८९९ मध्ये दोघांनाही अधिकार मिळाला.

मागचा_पाय: मग पंच जिम फिलिप्सने जानेवारी १८९८ ला मेलबर्न कसोटीत ऑस्ट्रेलियाचा गोलंदाज अर्नी जोन्सला नोबॉल दिला, तो जुन्या नियमातच?

पायचीत_नाही: हो, आणि कसोटीत फेकीसाठी दिलेला तो पहिला नोबॉल. पण मुख्य अडचण दिसण्याची नव्हती, पोटाची होती. पंच बहुतेक निवृत्त व्यावसायिक खेळाडू. १८८३ पूर्वी कौंटी सामन्यात प्रत्येक संघ आपापला पंच आणायचा. त्यानंतर एमसीसी (नियम ठरवणारा लंडनचा मेरिलबोन क्रिकेट क्लब) तटस्थ पंच नेमू लागली. तरी एखाद्या कौंटीच्या मुख्य गोलंदाजाचं करिअर बुडवायला कोण धजावणार? फिलिप्स ऑस्ट्रेलियन, मिडलसेक्स आणि व्हिक्टोरिया दोन्हीकडून खेळलेला, दोन्ही देशांत पंचगिरी करणारा. एकाच कौंटीच्या मर्जीवर तो अवलंबून नव्हता. डिसेंबर १९०० मध्ये कौंटी कर्णधारांनीच लँकेशायरच्या आर्थर मोल्डविरुद्ध ११-१ असा कौल दिला, आणि पुढच्या जुलैत फिलिप्सने ओल्ड ट्रॅफर्डवर, मोल्डच्या घरच्या प्रेक्षकांसमोर, त्याला सोळा वेळा नोबॉल दिला. लिलीव्हाइटच्या मागे असं कुणीच उभं नव्हतं.