मदत हवी आहे : उत्पत्तीचा पहिला अध्याय मुलांना कसा शिकवावा?

सप्रेम नमस्कार. आमच्या मंडळीच्या संडे स्कूलमध्ये मी मोठ्या मुलांचा वर्ग घेतो. सध्या बायबलच्या उत्पत्ती या पहिल्या पुस्तकातला, देवाने सहा दिवसांत सृष्टी निर्माण केल्याचा अध्याय शिकवत आहे. मागच्या रविवारी नववीतल्या एका मुलीने ओळीवर बोट ठेवून विचारले, "सर, सूर्य चौथ्या दिवशी झाला, मग पहिल्या तीन दिवसांची संध्याकाळ आणि सकाळ कशी झाली? आणि झाडे तर तिसऱ्याच दिवशी उगवली." मी घड्याळाकडे पाहून समाप्तीची प्रार्थना सुरू केली, हे येथे कबूल करतो.

तिथे 'दिवस' यासाठी आलेल्या हिब्रू 'योम' या शब्दाचा अर्थ दीर्घ काळ असाही होतो, हे उत्तर मला ठाऊक आहे; पण त्याने वर्षांचा हिशेब कसाबसा जुळला, तरी सूर्याआधी झाडे हा क्रम काही जुळत नाही. सतराव्या शतकातले आयर्लंडचे आर्चबिशप अशर यांनी बायबलवरून काढलेले इ.स.पू. ४००४ हे निर्मितीचे वर्ष तर मी विचारातही घेत नाही, कारण आमच्या चर्चच्या भिंतीतला काळा दगडच सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे.

पहिल्या तीन दिवसांत प्रकाश, आकाश व समुद्र आणि भूमी ही स्थाने तयार होतात आणि पुढच्या तीन दिवसांत ज्योती (सूर्य, चंद्र, तारे), मासे व पक्षी, पशू व मनुष्य यांनी ती त्याच क्रमाने भरतात, म्हणजे ही मांडणी कालक्रमाची नसून काव्याची आहे, हे मत मला अधिक पटते. मात्र तसे सांगितले की पुढचा प्रश्न ठरलेलाच: मग आदामही काव्यच का? नव्या करारातल्या रोमकरांस पत्राच्या पाचव्या अध्यायात प्रेषित पौलाने आदाम आणि ख्रिस्त यांची तुलना केली आहे (एकामुळे पाप आले, दुसऱ्यामुळे तारण); आदाम केवळ काव्य असेल तर या तुलनेचे काय, आणि तिथे माझी गाडी अडते.

ज्यांनी हा विषय मुलांना शिकवला आहे, त्यांनी आदामाचा प्रश्न नेमका कसा हाताळला, हे कृपया सविस्तर लिहावे. येत्या रविवारी ती मुलगी पुन्हा पहिल्याच बाकावर असेल.