थकलेले हप्ते आणि भर रस्त्यात अडवलेला टेम्पो

प्रश्न (भांडुप) :
माझ्या धाकट्या भावाने एका वित्त कंपनीचे कर्ज काढून मालवाहू टेम्पो घेतला आहे. भिवंडीच्या गोदामातले काम बंद पडल्याने त्याचे दोन हप्ते थकले. परवा मुलुंड चेकनाक्यापाशी वसुली एजंटांनी गाडी अडवून किल्ली मागितली आणि गर्दी जमताच, ‘पोलिसांत कळवलेले आहे, पुढच्या वेळी गाडी यार्डात जाईल’ असे बजावून ते निघून गेले. थकबाकी आम्हाला मान्य आहे. पण अशी गाडी ओढून नेता येते का?

उत्तर (दादर) :
आधी करारनामा काढून वाचा. रिझर्व्ह बँकेच्या निर्देशांनुसार ताब्यापूर्वीच्या नोटिशीची मुदत, ती नोटीस केव्हा माफ होते, ताबा घेण्याची रीत आणि विक्रीपूर्वी कर्जदाराला द्यायची शेवटची संधी, हे सारे करारात लिहिलेले असावे लागते. तसे कलम असले तरी बळजबरी चालत नाही; आयसीआयसीआय बँकेच्या २००७ मधील प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वसुलीसाठी गुंड वापरण्यावर कडक ताशेरे ओढले होते. पोलीस ठाण्याला दिलेले पत्र ही केवळ सूचना असते, परवानगी नव्हे आणि न्यायालयाचा आदेश तर नव्हेच. हे भावाला नीट समजावून सांगा, कारण ते पत्र पाहूनच बहुतेक चालक किल्ली देऊन मोकळे होतात. एजंटांकडे ओळखपत्र आणि अधिकारपत्र मागावे, धाकदपटशा झाल्यास ११२ वर कळवावे आणि गाडी स्वखुशीने दिल्याच्या कागदावर सही करू नये.

उत्तर (बोरिवली) :
हे सारे खरे असले तरी त्यावर फार विसंबू नका. २०२० मध्ये एका भाडे-खरेदी (हप्ते फिटेपर्यंत गाडीची मालकी कंपनीकडेच राहणाऱ्या व्यवहाराच्या) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने करारातली नोटीस न देणे ही सेवेतील त्रुटी ठरवली. मात्र कर्जदाराच्या पदरात जेमतेम १५ हजार रुपये पडले आणि हप्ते चुकल्यावर गाडी ताब्यात घेण्याचा कंपनीचा हक्क अबाधित राहिला. शिवाय करारात वाद लवादाकडे (खासगी पंचाकडे) नेण्याचे कलम असेल, तर लवाद कायद्याच्या कलम ९ खाली कंपनी न्यायालयाकडून रिसीव्हर, म्हणजे न्यायालयाच्या वतीने गाडी ताब्यात घेणारी व्यक्ती, नेमून घेऊ शकते, आणि मग गाडी अडवणे कायदेशीरच ठरते. निदान एक हप्ता भरून उरलेल्याची नवी मुदत लेखी मागावी, हे माझे मत.

प्रश्नकर्ता :
करारात नोटिशीचे कलम आहे, परंतु नोटीस बहुधा जुन्या पत्त्यावर गेली असावी.

उत्तर (दादर) :
मग नवा पत्ता आजच लेखी कळवून पोच घ्या, नाहीतर पुढची नोटीसही तिकडेच जाईल. कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे तक्रार नोंदवा. ३० दिवसांत उत्तर न आल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क जाता येते. ग्राहक आयोगापुढे मात्र ‘गाडी व्यावसायिक आहे, तुम्ही ग्राहकच नाही’ असा आक्षेप हमखास येतो. भाऊ स्वतः टेम्पो चालवून त्यावरच उदरनिर्वाह करत असेल, तर कायद्याने तो ग्राहकच ठरतो. तक्रारीत हे पहिल्याच परिच्छेदात मांडा.