४ फुटी टँकमधे निळ्या ठिपक्यांचा स्टिंगरे चालेल का?

मांजलपूरकर:
मंडळी, बडोद्यात कुणी स्टिंगरे (तो चपटा, लांब शेपटीचा मासा) पाळलाय का? माझ्याकडे ४ फुटी टँक आहे, रुंदी १८ इंच, आत्तापर्यंत एंजल, ऑस्कर असे गोड्या पाण्यातलेच ठेवले. मुलाने रील दाखवली त्यात कोरल रीफमधला एक होता, पिवळसर अंग, त्यावर निळेशार ठिपके आणि शेपटीला दोन्ही बाजूंनी निळी पट्टी, तेव्हापासून पोरगा मागेच लागलाय. दुकानदार म्हणतो मागवून देतो, छोटाच राहतो, मीठ पण टाकायला नको. किंमत ऐकून बायको म्हणाली त्यापेक्षा कुठेतरी फिरून येऊ. काय करू? आणि खरंच विषारी असतो का?

खारंपाणी:
भाऊ, मीठ नको म्हणाला ना, मग तो रीलमधला नाहीच. बिनमिठाच्या पाण्यात राहणारे बहुतेक मोटोरो, दक्षिण अमेरिकेतल्या नद्यांमधले, तपकिरी अंगावर पिवळे-केशरी गोल, आणि ते तर अजून मोठे होतात. तुमच्या रीलमधला म्हणजे ब्लूस्पॉटेड रिबनटेल रे, टीनियुरा लिम्मा, पक्का समुद्रातला. छोटा म्हणजे किती, तर अंगाची चकतीच ३०-३५ सेंटीमीटर रुंद आणि शेपटीसकट लांबी ७०-८० सेंटीमीटर. तुमचा टँक ४५ सेंटीमीटर रुंद, आता त्याने वळायचं कसं सांगा. बरं टँक मोठा घेतलात तरी हा मासा कैदेत सहसा नीट खात नाही, दिसायला सुंदर म्हणून जगभर विकला जातो आणि बरेचसे थोड्याच दिवसात उपाशी मरतात, अनुभवी लोकांकडे सुद्धा. वर मे महिन्यात बडोद्यात ४२-४३ डिग्री, पाणी थंड ठेवणारा चिलर चोवीस तास चालवायचा, लाइट गेली की जीव टांगणीला. दुसऱ्या माशांना आजार झाला म्हणून कॉपरवालं औषध टाकलं तर तेही याला सहन होत नाही. माझं स्पष्ट मत, घेऊ नका.

रत्नागिरीची_सून:
मूळची कोकणातली, आता बडोद्यात वाघोडिया रोडला. आमच्याकडे याला पाकट म्हणतात, हा ठिपकेवाला नव्हे, साधे करडे. मच्छीवाल्या शेपटी आधी कापून टाकतात ते उगाच नाही. काटा शेपटीवर असतो, तुमच्या ठिपकेवाल्याला बहुतेक दोन, करवतीसारखे दातेरी आणि विषारी. स्वतःहून अंगावर येत नाही, पाय पडला किंवा हाताने दाबला तरच मारतो. पण टँक साफ करायला हात घालणार कोण, तुम्हीच ना? लागलं तर बर्फ लावू नका, सहन होईल इतक्या गरम पाण्यात हात बुडवून ठेवायचा, दुखणं कमी होतं, आणि डॉक्टरकडे जायचंच, कारण काट्याचा तुकडा आत राहू शकतो. छातीत-पोटात लागलं तर काटा ओढून काढायचा नाही. टीव्हीवरचा तो ऑस्ट्रेलियन मगरवाला स्टीव्ह अर्विन २००६ मधे स्टिंगरेच्याच काट्याने गेला, तो स्टिंगरे मात्र फार मोठ्या जातीचा होता.

मांजलपूरकर:
बापरे. टँकचं कॅन्सल. पण मग बघायला कुठे मिळेल? बायको खूश आहे 😄

डायव्हर_दादा:
लाल समुद्रात इजिप्तच्या बाजूला अगदी सहज, बाली-इंडोनेशियाकडे पण, तिकडून पुढे सॉलोमन बेटांपर्यंत सापडतो. शास्त्रात पहिली नोंद पण लाल समुद्रातलीच, फोर्सकोल नावाच्या माणसाची, तो बिचारा १७६३ मधे येमेनला मलेरियाने गेला आणि त्याचं लिखाण १७७५ मधे छापलं गेलं. मजा म्हणजे बाकीचे स्टिंगरे वाळूत गाडून घेतात, हा सहसा नाही घेत, दिवसा कोरलच्या कपारीत घुसून बसतो आणि बरेचदा फक्त निळी पट्टी असलेली शेपटी बाहेर. भरती चढायला लागली की उथळ वाळूवर येतात, कधी घोळक्याने, आणि शिंपल्या, किडे, कोळंबी, खेकडे खणून खातात, ओहोटीला परत आत. डोळे वर आणि तोंड खाली, म्हणजे खातोय ते त्याला दिसत नाही, वाळूतल्या जिवांची बारीक वीज ओळखून शोधतो. पिल्लं थेट जन्मतात, एका वेळी जास्तीत जास्त सातेक, आणि लगेच आईसारखीच ठिपकेवाली, पोराला हे नक्की सांगा. फक्त अंग चौकोनी पतंगासारखं, डोळ्यांवर काळा पट्टा आणि शेपटीवर काळे-पांढरे पट्टे दिसले तर तो मास्करे, वेगळा मासा, गाइड लोक दोघांनाही ब्लू स्पॉट म्हणून मोकळे होतात.

मांजलपूरकर:
दादा, बाली यंदा तरी जमणार नाही. जामनगरच्या नरारा मरीन पार्कला दिसेल का, ते बडोद्याहून गाडीने होतं.

डायव्हर_दादा:
हा दिसेल अशी आशा ठेवून जाऊ नका. पण ओहोटीला कोरलमधून पायी चालायला मिळतं, खेकडे, पफर फिश, नशीब असेल तर ऑक्टोपस, पोरगा वेडा होईल. भरती-ओहोटीचं टाइमटेबल आधी बघा, परमिट आणि लोकल गाइड घ्या, जाड तळाचे बूट घाला आणि गुडघाभर पाण्यात पाय उचलून टाकू नका, वाळूत घासत चाला, म्हणजे खाली पाकट असलं तर आधीच सटकतं. थंडीत जा, उन्हाळ्यात तिथे करपाल.